भिकी आणि एकवीस चिंध्यांची कुंची

डोंगराच्या पायथ्याशी एक गाव होतं, बावीस उंबऱ्यांचं. गाव एवढंसं, की एका घरात फोडणी पडली की बावीस घरांत शिंका यायच्या. त्या गावाच्या अगदी शेवटच्या घरात एक मुलगी राहायची. गोल गोल डोळ्यांची, इवल्या इवल्या वेण्यांची, आठ वर्षांची. तिचं नाव होतं भिकी.

हो, हो, भिकीच! हसलात ना? गावातली मुलंही अशीच हसायची. ती दिसली की फेर धरून ओरडायची,

"भिकी गं भिकी, झोळी तुझी फाटकी,
दाण्यासाठी दारोदार भटकी!"

भिकी खाली मान घालून निघून जायची. आई-बाबा तापाच्या साथीत गेले, तेव्हा ती जेमतेम दोन वर्षांची होती. मग सासरच्या गावाहून तानूआत्या आली आणि तिने भिकीला सांभाळलं. आत्या जिभेने मिरची होती, पण हाताने लोणी. घरात खायला थोडं असायचं आणि कामं मात्र पुष्कळ. फुलांच्या वाफ्यांना पाणी घालायचं, शेवंती खुडायची, शेळीमागे धावायचं. भिकी सगळं करायची. फक्त एक गोष्ट ती कधीच करायची नाही. ती कुणाकडे काही मागायची नाही.

भूक लागली तरी भाकरी मागायची नाही. शाळेत पाटीवरची पेन्सिल संपली तरी शेजारणीकडे तुकडा मागायची नाही. नावच भिकी, त्यात मागायला गेलं तर लोक काय म्हणतील? रस्ता चुकली तरी ती वाट विचारायची नाही. विचारणं म्हणजेही मागणंच की!

घरातल्या पत्र्याच्या पेटीत आईची एकच आठवण होती. एक कुंची. तान्ह्या बाळाच्या डोक्यावरून पाठीवर उतरते ना, तसलं टोपडं. ती चिंध्या जोडून शिवलेली होती. एक चिंधी जांभळी, एक हळदी, एक मोरपिशी, एकीवर इवले इवले ठिपके, एकीवर बुटुकली चांदणी. भिकीने कितीदा तरी मोजल्या होत्या. एकवीस. रोज संध्याकाळी ती कुंची नाकाशी धरायची आणि डोळे मिटायची. आईचा आवाज कसा असेल? ती मला हाक कशी मारत असेल? आणि एवढी गोड कुंची शिवणाऱ्या आईने नाव मात्र असं का ठेवलं? मी तिला आवडत नव्हते का? हा प्रश्न तिला रोज पडायचा. तिने तो कुणाला विचारला नव्हता, आणि गावात कुणी आपणहून सांगितलं नव्हतं.

एके दिवशी आत्या म्हणाली, "भिके, ए भिके! अगं बहिरी झालीस का? मळ्याच्या कडेला ती घाणेरी माजलीय बघ. घे विळा आणि टाक तोडून. उग्र वास नुसता!"

भिकी विळा घेऊन गेली. मळ्याच्या टोकाला घाणेरीचं झुडूप होतं. पानं खरखरीत, फांद्या काटेरी. पण फुलं! अगं बाई, ती फुलं! एकेका झुबक्यात पिवळी, केशरी, गुलाबी, सगळी दाटीवाटीने बसलेली. काळी काळी चमचमती फळं. आणि झुडपावर फुलपाखरांची नुसती जत्रा भरलेली.

भिकीने विळा उचलला आणि तसाच खाली ठेवला.

"एवढी छान आहेस तू," ती हळूच म्हणाली, "आणि नाव काय, तर घाणेरी! तुलाही कुणी विचारलं नसेल ना गं, हे नाव चालेल का म्हणून?"

तिने आपल्या तांब्यातलं प्यायचं पाणी झुडपाच्या मुळाशी ओतलं. माती चर्र करून पाणी प्यायली. आणि मग एक फुलपाखरू गिरकी घेत मोठं झालं, आणखी मोठं झालं, आणि समोर उभी राहिली एक वीतभर उंचीची परी! तिचा झगा क्षणात पिवळा, क्षणात केशरी, क्षणात गुलाबी व्हायचा. पंखांवरून सोनेरी भुकटी झरत होती.

"मी घाणेरीची परी," ती खणखणीत आवाजात म्हणाली. नाव सांगताना तिला जराही लाज वाटली नाही, हे भिकीने नीट पाहिलं. "तू मला पाणी दिलंस. आता मी तुला तीन फुलं देते. एकेका फुलाला एकेक मागणं. पण माझे नियम आहेत हं!"

"कसले नियम?" भिकीने विचारलं, आणि आपण चक्क विचारलं म्हणून तिचं तिलाच नवल वाटलं.

"रोज एकच फूल, आणि तेही सूर्य बुडायच्या आत. मागताना ओटी पसरायची आणि आपलं नाव मोठ्याने घ्यायचं. दुसऱ्यासाठी मागशील ते फुकट मिळेल. पण स्वतःसाठी मागशील, तर तुझं जे सगळ्यांत लाडकं असेल ते मला द्यावं लागेल."

तीन इवलीशी फुलं भिकीच्या ओंजळीत पडली. एक पिवळं, एक केशरी, एक गुलाबी. ती घरी निघाली. मागायचं, आणि तेही ओटी पसरून, आणि तेही नाव घेऊन! नेमकं जे आयुष्यभर टाळलं, तेच पुढ्यात येऊन बसलं होतं.

वाटेत सगुणाआजींचं घर लागलं. सगुणाआजी गावभराच्या गोधड्या शिवायच्या. पण गेली दोन वर्षं त्यांना डोळ्यांनी नीट दिसत नव्हतं. आताही त्या ओट्यावर बसून सुईत दोरा ओवायचा प्रयत्न करत होत्या. दोरा एकीकडे, सुई भलतीकडे. आजी हसून म्हणाल्या, "सुईच लबाड झालीय मेली, भोक लपवून ठेवते." पण हसता हसता त्यांनी पदराने डोळे टिपले.

भिकीने ते पाहिलं. भिंतीआड जाऊन तिने पिवळं फूल हातात धरलं, परकराचा ओचा पसरला आणि पुटपुटली, "मी भ... भिकी. सगुणाआजींना दिसू दे."

काहीच झालं नाही. कानाशी परीचा आवाज आला, "कोण बोललं? मला नाव ऐकू नाही आलं."

भिकीचे कान लाल झाले. तिने इकडेतिकडे पाहिलं, डोळे घट्ट मिटले आणि ओरडली, "मी भिकी! सगुणाआजींना दिसू दे!"

फूल चमकलं आणि विरून गेलं. ओट्यावरून आजींचा आवाज आला, "अगो बाई! ओवला की दोरा!"

दुसऱ्या दिवशी केशरी फुलाने तिने तानूआत्याचे दुखरे गुडघे बरे करून मागितले. या वेळी नाव पहिल्याच झटक्यात निघालं. त्या दिवशी शेळी शेवंतीत शिरली, तेव्हा आत्या अशी काही धावली की शेळी घाबरून छपरावर चढली. आणि मग आत्याला हसू आवरेना. भिकीने आत्याला इतकं हसताना कधीच पाहिलं नव्हतं.

आता उरलं गुलाबी फूल. ते मात्र भिकीने स्वतःसाठी ठेवलं होतं. कुणाला सांगू नका, पण तिने एक नवं नाव मनात जपून ठेवलं होतं. कितीतरी दिवसांपासून. चांदणी! कुंचीवरच्या बुटुकल्या चांदणीवरून सुचलेलं. झोपताना ती स्वतःच स्वतःला हाक मारायची, "चांदणी, ए चांदणी," आणि ऊबदार वाटून झोपी जायची.

पण नव्या नावाच्या बदल्यात लाडकी वस्तू द्यायची होती. लाडकी म्हणजे कुंचीच. दुसरं होतंच काय तिच्याकडे? तिसऱ्या दिवशी दुपार कलल्यावर तिने पेटी उघडली, कुंची छातीशी धरली आणि मळ्याकडे निघाली.

सगुणाआजी ओट्यावर होत्या. त्यांनी भिकीच्या हातातली कुंची पाहिली आणि त्यांची सुई थांबली.

"इकडे ये गं, बघू," आजी म्हणाल्या. त्यांनी कुंची मांडीवर पसरली आणि एकेका चिंधीवरून बोट फिरवलं. त्यांच्या डोळ्यांतून टपटप पाणी पडलं. त्यांनी तोंड उघडलं आणि पुन्हा घट्ट मिटलं. काहीतरी ओठांपर्यंत आलेलं त्यांनी गिळून टाकलं.

भिकीला कळलं. आजींना काहीतरी माहीत आहे. पण विचारायचं कसं? मग तिला ते दोन दिवस आठवले. तिने परकराचा ओचा पसरला, अगदी परीसमोर पसरावा तसा.

"आजी, मी भिकी. मला सांगा, आईने माझं नाव असं का ठेवलं?"

"विचारलंस गं बाई, एकदाचं विचारलंस!" आजींनी तिला कुशीत ओढलं. "आपल्या गावची रीतच आहे. मागून घेतलेल्या लेकराला त्याने स्वतः विचारल्याशिवाय काही सांगायचं नाही. नाहीतर दृष्ट लागते. सहा वर्षं सगळं गाव वाट बघतंय, आणि तू आपली कुणाला काही विचारशील तर शपथ!"

"मागून घेतलेलं म्हणजे?"

"तुझ्याआधी तुझ्या आईला तीन लेकरं झाली. एकही राहिलं नाही. मग तू झालीस. जुनी माणसं सांगतात, लेकरू मागून आणलेलं असलं की काळ त्याला हात लावत नाही. त्याला वाटतं, हे हिचं नव्हेच, हे तर लोकांचं. तुझी आई गोदा, अगं, केवढी मानी! घरात विरजण नसलं तर दूध तसंच पिऊन टाकील, पण शेजारी मागायची नाही. अगदी तुझ्यासारखी. ती गोदा बाराव्या दिवशी उठली, तुला पोटाशी घेतलं, आणि या गावातल्या प्रत्येक दारात पदर पसरून उभी राहिली. 'माझ्या लेकीसाठी एक चिंधी वाढा.' ज्या घराशी तिचं भांडण होतं, त्या घरीसुद्धा. स्वतःचा उंबरा सोडून एकवीस उंबरे! ही जांभळी माझी, माझ्या लग्नातल्या लुगड्याची. ही ठिपक्यांची सुताराच्या घरची. मीच तिच्याबरोबर बसून शिवली ही."

भिकीने एकेका चिंधीवरून बोट फिरवलं.

"गोदाने जन्मात कुणाकडे काही मागितलं नाही, पोरी," आजी म्हणाल्या. "एकच मागितलं. तुला."

भिकी रडली. खूप रडली. इतकी वर्षं जे नाव तिला टोचत होतं, ते तिने आज पहिल्यांदा प्रेमाने मनात उच्चारून पाहिलं. भिकी. आईने जिच्यासाठी पदर पसरला, ती भिकी.

सूर्य डोंगराला टेकला होता. भिकी कुंची घेऊन धावत सुटली. घाणेरीच्या झुडपाशी परी वाट पाहत होती.

"मी भिकी!" गुलाबी फूल हातात धरून, ओचा पसरून, धापा टाकत ती म्हणाली. केवढ्या मोठ्याने! पाखरं भुर्रकन उडाली. "मला नवं नाव नको. मला आईची हाक ऐकायचीय. एकदाच."

"आणि बदल्यात?"

भिकीने कुंची पुढे केली. तिचे डोळे भरून आले होते, पण हात मागे घेतला नाही तिने.

परीने कुंचीला बोटही लावलं नाही. "ही कशी घेऊ? ही एकवीस घरांची. मागून आणलेल्या गोष्टीला काळ हात लावत नाही, तर मी कोण?"

"मग माझं असं काहीच नाही गं माझ्याकडे."

"आहे की. मनात जपून ठेवलेलं."

भिकीला कळलं. ते नाव खरंच लाडकं होतं. मग तिने ओंजळ केली, तिच्यात हळूच "चांदणी" म्हटलं आणि ओंजळ परीपुढे धरली. परीने ते नाव अलगद उचललं आणि वर उडवलं. आकाशात संध्याकाळची पहिली चांदणी लुकलुकली.

गुलाबी फूल चमकलं आणि विरून गेलं. वारा थांबला. फुलपाखरांनी पंख मिटले. आणि मळ्याच्या पलीकडून, खूप लांबून आणि अगदी कानाशी, हाक आली,

"भिकुलेऽ! ए माझी भिकुले! ये गं बाळ!"

तो आवाज जरासा घोगरा होता. तो कधी ऐकल्याचं भिकीला आठवत नव्हतं, आणि तरी तो तिने लगेच ओळखला. "ओऽ! आले गं आई!" ती ओरडली आणि धावली. वाफ्याच्या टोकापर्यंत धावली. तिथे कुणीच नव्हतं. फक्त शेवंतीवर गुलाबी ऊन पडलं होतं. आणखी एकदा, फक्त आणखी एकदा ऐकायला मिळालं असतं तर! पण एकदाच मागितलं होतं, आणि एकदा मिळालं होतं.

मागे वळून पाहते, तर परीचा झगा पिवळा झाला, केशरी झाला, गुलाबी झाला आणि मग नुसता उजेड झाला. तो उजेड घाणेरीच्या झुबक्याझुबक्यांत शिरला आणि झुडूप दिव्यांच्या आराशीसारखं लखलखून शांत झालं. ते झुडूप पुढे कुणी तोडलं नाही. भिकीने आत्याकडे ते मागूनच घेतलं होतं.

दुसऱ्या दिवशी ती कुंची घेऊन दारोदार फिरली. "तुमची चिंधी कुठली?" असं तिने एकवीस घरांत विचारलं. एकवीस घरांनी आपापली चिंधी दाखवली आणि कुणी हातावर लाडू ठेवला, कुणी गालाचा पापा घेतला. फेर धरणाऱ्या मुलांच्या आयाही त्यांत होत्या. त्या दिवसानंतर मुलांचं ते गाणं बंद झालं.

एवढंच नाही. पूर्वी आत्याच्या तीन हाका झाल्याशिवाय भिकी ओ द्यायची नाही. आता आत्या दारात उभी राहून नुसतं "भिके..." म्हणते, आणि पुढचा शब्द तोंडातून निघायच्या आत मळ्यातून उत्तर येतं,

"ओऽ! आले!"

एकवीस उंबऱ्यांवर मागितलेल्या लेकीची गोष्ट अशी एका हाकेत संपूर्ण झाली.