थांबवेल आणि अर्धा शब्द

फार पूर्वी कल्पावती नगरात राजा अरुणजित राज्य करीत होता. त्या काळी बोधिसत्त्वाने एका वेलीच्या देहात जन्म घेतला. वेल म्हणायची एवढेच. ती ना धड झाड होती ना धड जनावर. तिला मुळे होती, पाने होती आणि हळू चालणारा श्वासही होता. ती ज्याच्याभोवती विळखा घाली, त्याचा काळ तिथेच थांबे. थांबलेला काळ हेच तिचे अन्न. लोक तिला थांबवेल म्हणत.

एकदा एक राजपुत्र तारुण्य टिकवायला तिच्या विळख्यात जाऊन बसला. तारुण्य टिकले, पण पापणीसुद्धा लवेना. मग ते भोगणार कोण? आईबापांनी रडून भेकून त्याला सोडवून नेले. तेव्हापासून त्या बाजूला कोणी फिरकत नसे.

नगराच्या वेशीपाशी सोणक नावाचा टोपल्या विणणारा म्हातारा बुरूड राही. त्याची बायको मेखला. तोंडाची फटकळ, हाताची चलाख आणि नवऱ्यावर असा जीव, की त्याला शिव्यासुद्धा दुसऱ्या कोणाला देऊ देत नसे. सोणक तापाने पडला आणि वैद्याने मान हलवली, तेव्हा तिने वैद्याला घराबाहेर काढले, नवऱ्याला मोठ्या पाटीत बसवले आणि पाटी ओढत वेलीपाशी आणली.

"थांबव ह्यांना!" ती ओरडली.

बोधिसत्त्वाला दया आली. त्याने विळखा घातला. तेवढ्यात सोणकाने मेखलेकडे पाहून तोंड उघडले, "ये" म्हणाला आणि तसाच थांबला.

मेखलेने तो शब्द काळजाशी धरला. ते मला बोलावतात! मग ती रोज येऊ लागली. वेलीला पाणी घाली, नवऱ्यासमोर बसून बांबूच्या कांब्या सोली आणि बोलत राही. "आले हो, आले. बोलावलेत आणि आले नाही, असे कधी झालेय? आता तोंड मिटा, माशी जाईल."

ऋतू पालटत गेले. वेल तरारली, तिला कळ्या धरल्या. मेखला मात्र वाकली. पलीकडच्या गावी लेक बाळंत झाली, अंगात ताप, मूल रडतेय. आईला बोलावणे आले. मेखला म्हणाली, "हे इथे 'ये' म्हणतात आणि मी तिकडे कशी जाऊ?" निरोप्या परत गेला. तो दिसेनासा झाल्यावर तिने पदराने डोळे पुसले.

बोधिसत्त्वाने ते पाहिले. गप्प राहिले तर कळ्या फुलणार होत्या. बोलले तर देह सुकणार होता. तो बोलला.

"माई, ते तुला बोलवत नाहीत."

"मग काय शेजारणीला बोलवतात?"

"शब्द पुरा झालेला नाही. अर्धा अजून माझ्या पानाखाली अडकला आहे. बाजाराला निघताना ते तुला काय म्हणायचे?"

"काय म्हणणार? घरातून निघणारा माणूस 'जातो' म्हणतो होय? अभद्र! 'येतो' म्हणतात, 'येतो'..."

आणि तिच्या हातातली कांबी खाली पडली.

तिने वाकून ती उचलली. मग उसळली. "वेली, तुला कोणी विचारले होते? माझा 'ये' मला पुरत होता!"

"तुला पुरत होता. तुझ्या लेकीला पुरत नाही."

"आणि ह्यांना सोडल्यावर तू काय खाशील?"

"काही नाही. सुकेन."

मेखलेने त्या कळ्यांकडे पाहिले. तिचा आवाज उतरला. "वेडी की काय तू? गप्प बसली असतीस तर फुलली असतीस की."

"तुझ्या हातचे पाणी प्यायलो, माई. तुझे उरलेले दिवस कसे पिऊ?"

ती उठली. नवऱ्याचे केस सारखे केले, तोंड पुसले, उपरण्याची सुरकुती मोडली. "निघायचे तर नीटनेटके निघा," म्हणाली. मग वेलीला म्हणाली, "सोड."

विळखा सैल झाला.

"...तो गं," सोणक म्हणाला.

जन्मभर त्याला उत्तर देताना तिने कांबीवरची नजर उचलली नव्हती. आज तिने त्याच्या डोळ्यांत पाहिले. "या," ती म्हणाली. "सावकाश या."

तो हसला आणि शांत झाला. वेलीची पाने एकेक करून गळली. मेखलेने दोघांसाठी रडून घेतले, नवऱ्याला अग्नी दिला आणि लेकीच्या गावची वाट धरली. नातीला प्रथम तिनेच गाढ निजवले.

विहारात जमलेल्या शिष्यांना ही कथा सांगून शास्ता म्हणाले, "तेव्हाचा सोणक म्हणजे आज विहाराचे अंगण झाडणारा उपासक सुधम्म. मेखला म्हणजे ही भिक्षुणी वारणा. तोंड अजून तसेच आहे, आणि मायाही. आणि ती वेल मीच होतो." त्या जन्मी बोधिसत्त्वाने सत्यपारमिता, म्हणजे सत्याचे परम व्रत, आचरली: स्वतःचे हिरवेपण देऊन त्याने एका माणसाचा शब्द पुरा होऊ दिला.