बाईंचा डॉक्टर

समुद्रापल्याडच्या स्पेन देशात एक नट राहत होता, एवारिस्तो त्याचं नाव. आणि त्याला जिनं नट केलं ती दोन्या कासिल्दा, म्हणजे कासिल्दाबाई, गावोगाव नाटकं करत फिरणाऱ्या मंडळीची मालकीण, तीही अजून हयात होती.

“बाई, उद्या पुन्हा विसरलो तर?” एवारिस्तोनं विचारलं.

बाई खिडकीशी बसलेल्या. गुडघ्यांवर शाल. नजर बाहेर.

एवारिस्तोला वाटलं, ऐकू गेलं नसेल. खुर्ची जवळ ओढून त्यानं सगळं पहिल्यापासून सांगितलं. तुमची मंडळी सोडल्यापासून कॅमेऱ्यापुढं उभा राहिलो, कधी अडलो नाही. सिनेमात दरोडेखोर झालो, टीव्हीवर न्यायाधीश झालो, पाद्री तर इतक्यांदा झालो की रस्त्यात म्हाताऱ्या हाताचं चुंबन घ्यायला येतात. आता मालिकेत आजोबांचं काम आहे. आणि परवा वाक्याच्या मधेच तोंड उघडं राहिलं. शब्द येईना. सगळे माना खाली घालून उभे. मग दिग्दर्शक म्हणाला, कानात यंत्र घाला, आम्ही मागून वाक्यं सांगू. नाहीतर आजोबांना मारून टाकू.

“मारून टाकू म्हणजे कथेत हो,” एवारिस्तो म्हणाला. “पण घरी लेक आहे, नुरिया. तिचं पोर आहे. जावई घर सोडून गेला तो गेलाच. माझ्यावाचून त्यांना कोण? आणि दुसऱ्याचं कानात ऐकून बोलायचं, तर मी नट कसला? सकाळी उत्तर द्यायचंय. काय देऊ?”

बाईंनी मान वळवली. टक लावून त्याच्याकडे बघत राहिल्या...

“डॉक्टर, आलात?”

एवारिस्तोच्या मनात आलं: अख्खी नाटकं तोंडपाठ असलेली ही बाई, हिनं मला ओळखलं नाही? म्हणजे हे असं होतं तर. आधी एक वाक्य जातं, मागोमाग माणसं जातात.

‘बाई, मी एवारिस्तो’ असं तो म्हणणार, तेवढ्यात जुनी सवय आडवी आली. फिरत्या मंडळीत रीतच होती: रंगमंचावर समोरचा भलतंच बोलला, तर त्याला चुकलास म्हणायचं नाही. त्याचं भलतंच आपण खरं करून दाखवायचं.

त्यानं बाईंचं मनगट हातात घेतलं.

“आलो. जेवलात का?”

“सूप दिलं. अळणी. तुम्हीच म्हणे मीठ बंद केलंत.”

“केलं खरं. मी मात्र घरी खारटच खातो.”

“मेले डॉक्टर सगळे असेच... हात किती गार तुमचे.”

“बाहेर वारा आहे.”

बाई आपल्या मनगटावरच्या त्याच्या बोटांकडे बघू लागल्या.

“मी मरणार का हो?”

त्यानं घड्याळात बघून नाडी मोजली.

“मरणार. पण आज नाही. आज रविवार. रविवारी मी कुणाला मरू देत नाही, जेवण अर्धवट टाकून धावावं लागतं.”

बाई खुदकन हसल्या. मग हसू विझलं.

“मला काही आठवत नाही, डॉक्टर. फार भीती वाटते.”

“मलाही वाटते.”

“तुम्हाला? मग काय करता?”

एवारिस्तोनं दुसराही हात त्यांच्या हातावर ठेवला.

“आत्ता तुमचा हात धरलाय,” तो म्हणाला. “तेवढ्यापुरती वाटत नाही.”

पुढं मालिकेतल्या आजोबांना कुणी मारलं नाही. मालिका वर्षानुवर्षं चालली, उतारवयात एवारिस्तोला मोठा मान मिळाला, नुरियाच्या घरात पुन्हा हसणं ऐकू येऊ लागलं. पण ते सगळं पुढचं.

त्या दुपारी बाईंनी हळूच आपला हात सोडवून घेतला, गुडघ्यांवरची शाल सारखी केली.

“एवारिस्तो,” त्या म्हणाल्या, “डॉक्टर बरा वठवलास, कुठं अडला नाहीस. वाक्यं कुणाची होती?”