साहेबाच्या गळ्यातलं पोरगं

ह्या गोष्टीचा शेवट वळखून दावा, माझी टोपी तुमची!

आमच्या तात्याबा गुरवाची आई गेली. दहाव्याला त्यानं डोकं, मिशा सगळं भादरलं. अन् तवाच दवाखान्याचं सरकारी कार्ड नवं करायची येळ आली. कार्ड न्हाय, तर उद्याचं त्याच्या डोळ्याचं आपरेशन न्हाय. म्या त्याला घिऊन कचेरीत गेलो.

खिडकीतला साहेब जुना फोटो बघून म्हणाला, "ह्याला झुपकेदार मिशा आहेत. हा तू नाहीस. मिशा उगवल्या की ये."

तात्याबानं हात जोडलं. "साहेब, तवर डोळा जाईल वो!"

"चेहरा जुळत नाही, कार्ड नाही. पुढचा!"

म्या खिडकीत मुंडी घातली. साहेबाचं टक्कल चकाकत व्हतं, अन् गळ्यातल्या ओळखपत्रावर केसांचा कोंबडा काढलेलं पोरगं!

"बाळा," म्या म्हणलं, "हे गळ्यातलं कार्ड ज्याचं हाय, त्या साहेबाला बोलीव. तुझी सही आमाला चालायची न्हाय."

रांग खदाखदा हसली. साहेबानं टकलावरनं हात फिरवला अन् गुमान शिक्का मारला.

तात्याबाचा डोळा वाचला. साहेबाला मातूर सोताच्या ओळखपत्रासाठी नवा फोटो काढून शेजारच्या खिडकीला रांगेत हुबं ऱ्हावं लागलं. नंबर आला, तसा त्याचाच कारकून म्हणाला, "सर्व्हर डाऊन आहे, उद्या या."