दहा कम्प्युटर आणि लहानूची खात्री

सावरपाडळी गावात लहानू नावाचा एक भोळा शिपाई होता. शाळेची घंटा त्याच्याकडे, पाण्याची टाकी भरणं त्याच्याकडे, आणि वरच्या मजल्यावर कम्प्युटरची खोली झाल्यापासून तिची किल्लीही त्याच्याचकडे. आळस त्याला ठाऊक नव्हता. सांगितलेलं काम तो कधी विसरत नसे. सगळी पंचाईत तिथेच होती.

शाळेला दहा कम्प्युटर मिळाले होते, पण ते अजून शाळेच्या नावावर पक्के झाले नव्हते. जिल्ह्याच्या कचेरीने दोन अटी घातल्या होत्या. एक, त्यांतलं जुनं सॉफ्टवेअर अपडेट करायचं, कारण जुन्यातून इंटरनेटवरचे चोर आत शिरतात आणि मुलांची नावं-पत्ते उचलून नेतात. दुसरी, वरच्या खोलीचा स्लॅब एवढी मुलं, टेबलं आणि यंत्रं पेलतो असा इंजिनिअरचा दाखला आणायचा. महिनाअखेर हे झालं नाही तर कम्प्युटर शेजारच्या ढवळगावच्या शाळेला जाणार. राहिले, तर ते सांभाळायला म्हणून लहानूची नोकरी कायम होणार. लहानूने कंबर कसली. तिथेच खरं तर सगळ्यांनी सावध व्हायला हवं होतं.

कम्प्युटर शिकवणाऱ्या आतार सरांनी दुपारी सगळ्या यंत्रांवर अपडेट सुरू केलं आणि ते चहाला गेले. तेवढ्यात शाळा सुटायची वेळ झाली. शाळा सुटली की सगळी बटणं बंद करायची, असं मुख्याध्यापिका ढोकणे बाईंनी लहानूला पहिल्याच दिवशी सांगितलं होतं. त्याने घंटा दिली आणि मेन स्विच खाली ओढला. सर येऊन बघतात तर सगळे पडदे काळे. अर्धवट राहिल्यामुळे काही यंत्रं तर उठायलाच तयार होईनात. सरांना पहिल्यापासून सगळं पुन्हा करावं लागलं.

“लहानू, सुरू केलेलं काम पुरं होईपर्यंत बंद करायचं नाही,” सर म्हणाले. “मध्येच तर नाहीच नाही.”

“असं व्हय. आता ध्यानात ठिवतो,” लहानू म्हणाला. आणि ठेवलं.

दुसऱ्या दिवशी त्याने टाकी भरायला विहिरीवरची मोटार लावली. टाकी भरली. लहानू विहिरीत डोकावला. खाली पाणी अजून बक्कळ होतं. तो मोटारीशेजारी मांडी घालून बसला. टाकी वाहिली, गच्चीवरची पन्हाळी पाचोळ्याने तुंबलेली, त्यामुळे गच्चीचं तळं झालं. जिन्यावरून पाणी पाचवीच्या वर्गात शिरलं तेव्हा बाई धावत आल्या. लहानूने त्यांना शांतपणे सांगितलं, की विहीर अजून निम्मी बाकी आहे, मध्येच कशी बंद करू.

बाईंनी आधी मोटार बंद केली. मग कपाळाला हात लावला. एवढ्या पाण्याच्या वजनाने इंजिनिअर यायच्या आधीच स्लॅब खाली यायचा, ही धास्ती त्यांना पडली होती. वजन जास्त झालंय असं दिसलं की विचारत बसायचं नाही, आधी निम्मं उतरवायचं, असं त्यांनी लहानूला बजावलं.

“असं व्हय. आता ध्यानात ठिवतो.”

इंजिनिअर मुलाणी साहेब यायचे होते त्या सकाळी बाईंनी लहानूला सत्काराचा नारळ आणायला फाट्यावर पाठवलं. नारळ घेऊन परतताना ओढ्याजवळ मागून गावाकडे प्रवासी नेणारी वडापची जीप आली. आत माणसं कोंबलेली, मागे लटकलेली, टपावर पोरं आणि दोन बोकड. लहानू रस्त्यात आडवा उभा राहिला. त्याचे खाकी कपडे बघून ड्रायव्हरला तो आरटीओचा माणूस वाटला. लहानूने निम्मी माणसं आणि एक बोकड खाली उतरवला. जीप पुढे गेली.

उतरवलेल्यांत बॅग घेतलेले एक जाडजूड गृहस्थ होते. लहानूने आपुलकीने त्यांची बॅग डोक्यावर घेतली. ऊन चांगलंच तापलं होतं. अर्ध्या वाटेत गृहस्थ म्हणाले, तहान लागली आहे, तो नारळ फोड बाबा. लहानूने साफ नकार दिला. नारळ इंजिनिअर साहेबांचा होता. शाळेत पोहोचल्यावर बाईंनी त्या गृहस्थांना खुर्ची दिली आणि लहानूने तोच नारळ त्यांच्या हातात ठेवला.

मुलाणी साहेब स्वभावाने गरीब. तांब्याभर पाणी प्यायले आणि म्हणाले, “अरे, जीप रोज तेवढी माणसं नेते. नुसतं डोळ्यांनी बघून वजन ठरवायचं नसतं. एखादी वस्तू किती पेलते ते वजन ठेवूनच कळतं. रोज पडेल त्याहून जास्त ठेवायचं, एक दिवस तसंच राहू द्यायचं. टिकली तर पास. मुलांच्या वाट्याला येणारं सगळं असंच पारखून घ्यावं.”

“असं व्हय,” लहानू म्हणाला. या खेपेला त्याने मान दोनदा हलवली.

साहेबांनी तसंच केलं. कम्प्युटर खालच्या खोलीत आणले. वरच्या स्लॅबवर वाळूच्या गोण्या रचल्या. दुसऱ्या दिवशी स्लॅबखाली लावलेली मापं पाहिली. स्लॅब ढिम्म. साहेबांनी दाखल्यावर सही केली. आतार सरांचं अपडेटही पार पडलं होतं. बाईंना इतका आनंद झाला की त्यांनी लहानूलाही पेढा दिला. मग त्या आणि सर कागद घेऊन जिल्ह्याला निघाले. जाताना लहानूला म्हणाल्या, “गोण्या खाली आण, कम्प्युटर वर मांड. मुलांनी येऊन बसायचंच तेवढं बाकी ठेव.”

लहानूने गोण्या खाली आणल्या. कम्प्युटर वर नेले, फडक्याने पुसले. आणि थांबला. स्लॅबची पारख झाली होती. यांची कुठे झाली होती?

त्याने गोण्या पुन्हा वर नेल्या. गोणी घसरू नये म्हणून पडदे आडवे केले, टेबलाखालचे यंत्रांचे डबेही आडवे केले. प्रत्येकावर एकेक गोणी ठेवली, आणि रोजच्याहून जास्त हवं म्हणून वर आणखी एकेक. पहिल्याच गोणीला कर्र असा आवाज आला. लहानूचा जीव कळवळला, पण सुरू केलेलं काम मध्येच सोडायचं नव्हतं. त्याने किल्ली लावली आणि बाहेर बसून राहिला.

दुसऱ्या दिवशी कचेरीचे साहेब आले, बरोबर बाई आणि आतार सर. कम्प्युटर शाळेच्या नावावर करायला साहेबांनी पेनही उघडलं होतं. लहानूने दार उघडलं. बाई उंबऱ्यातच खाली बसल्या. सर फुटलेल्या पडद्यांवरच्या गोण्या उतरवू लागले. लहानूचं तोंडही उतरलेलं होतं, त्याला मनापासून वाईट वाटत होतं. त्याने साहेबांपुढे हात जोडले.

“स्लॅब चांगला निघाला, साहेब. पन ह्या दहातलं एक बी पास झालं न्हाई. बरं झालं, पोरं बसायच्या आत कळलं. आता ह्ये ढवळगावला देऊन टाका, अन् आपल्याला जरा मजबूत बघून आणा.”