लाल टिकल्या

पणजीत विश्राम रेडकरांच्या गॅलरीचा मोठा दबदबा होता. विकल्या गेलेल्या चित्राशेजारी लाल टिकली लावायची, ही सगळ्याच गॅलऱ्यांची रीत. रेडकर मात्र मागणी आहे असं भासवायला न विकलेल्या चित्रांनाही टिकल्या लावत. मंगल धुमाळच्या पहिल्यावहिल्या प्रदर्शनातही त्यांनी तेच केलं.

"सर, हे खोटं आहे. काढा ना त्या," मंगल म्हणाली.

"तू चित्रं काढ. धंदा मला शिकवू नकोस."

उद्घाटनाला हॉल भरला. डॉक्टर नाबरबाई एका टिकलीपाशी थांबल्या.

"हे माझ्या फार मनात भरलंय हो. कोणी घेतलं?"

रेडकर अडखळले. लोक कान देऊन ऐकू लागले. आता आपल्या चित्रांवर खोटेपणाचा डाग लागणार, हे मंगलला कळलं. ती शांतपणे पुढे झाली.

"बाई, कोणी चित्रं बघायच्याही आधी सरांनी स्वतःच्या हातानं टिकल्या लावल्यात. दुसरं गिऱ्हाईक नाहीच. तेव्हा टिकलीची सगळी चित्रं सरांचीच, नाही का सर?"

"हो," रेडकर पुटपुटले. दुसरं काही म्हणायची सोयच उरली नव्हती.

टाळ्या पडल्या. लोक त्यांच्या रसिकतेचं कौतुक करू लागले, तसे त्यांचे कान तापले. त्यांनी भिंतीकडे तोंड वळवलं आणि ती चित्रं पहिल्यांदाच नीट पाहिली. मंगलकडे पाहायचं धाडस काही त्यांना झालं नाही.