ठमाईची वाट

आजची म्हातारी माणसं पाळण्यात होती, त्याच्याही फार वर्षांपूर्वीची ही गोष्ट. तेव्हा पिंपळदऱ्यात ठमाई नावाची सुईण होती. तिचा हात पोटावरून फिरला की अडलेलं बाळ आपणहून वळायचं, असं म्हणतात.

ठमाई राहायची खालच्या आळीत, देवबाच्या शेजारी. वरच्या आळीत रावजी. दोन्ही आळ्यांमधली वाट रावजीच्या शेतातून जायची. ती सगळ्यांची की रावजीची एकट्याची, यावरून रावजी आणि देवबा कोर्टात गेले. रावजी जिंकला. त्यानं बाभळीच्या फांद्या टाकून वाट बंद केली. देवबानं जिल्ह्याला अपील केलं. तेव्हा वकिलानं रावजीला बजावलं, "अपिलाचा निकाल लागेपर्यंत एकालाही जाऊ देऊ नका. एक जरी गेला, तरी वहिवाट आहे म्हणून सांगतील."

त्याच पावसाळ्यात रावजीची सून अडली. निरोप मिळताच ठमाई धावत काट्यांपाशी आली. पलीकडे रावजी स्वतः उभा.

"बाजूला कर रं, रावजी."

"ठमाई, ओढ्यावरनं ये. तेवढा अपिलाचा निकाल लागू दे, मग तुझ्यासाठी वाट झाडून ठेवतो."

"कळा अपिलासाठी थांबत्यात व्हय रं?"

तो हलला नाही. घाबरला होता बिचारा, जिंकलेलं हातचं जाईल म्हणून. ठमाई ओढ्याकडे वळली. ओढा भरून वाहत होता. तिनं हात जोडले आणि पाणी छातीवरून गुडघ्यावर उतरलं, असं म्हणतात. पण उतरायला वेळ लागला. ती पोचली तेव्हा मूल होतं, आई नव्हती.

आता मुलाला दूध हवं होतं. आणि त्या दिवसांत गावात अंगावर पाजणारी बाई एकच, देवबाची सून.

ठमाईनं मूल पदराखाली घेतलं आणि थेट काट्यांपाशी आली. या वेळी रावजीनं स्वतःच्या हातांनी फांद्या बाजूला ओढल्या. पलीकडे देवबा उभा होता, चार माणसं साक्षीला घेऊन. वहिवाटीचा पुरावा त्याच्याकडे चालत येत होता.

ठमाई त्याच्यासमोर थांबली. "देवबा, ह्यो दूध प्यायला चाललाय. कोर्टात ह्याचीबी साक्ष काढणार हाईस?"

देवबा मुलाकडे बघत राहिला. त्या घटकेला पाऊस थांबला, वारा थांबला, ओढासुद्धा वाहायचा थांबला, असं म्हणतात. मग देवबा माणसांना म्हणाला, "घरी जावा रं. तुम्ही काय बघितलं न्हाई." आणि त्यानं सुनेला हाक मारली.

पुढच्या तारखेला दोघं एकाच गाडीतून जिल्ह्याला गेले, तडजोडीचा एकच कागद घेऊन. न्यायाधीश म्हणाले, "रावजी, तुम्ही तर जिंकलायत. मग तडजोड कशाला?"

"जिंकलो म्हणूनच सून गेली, साहेब."

कागदावर लिहिलं होतं: शेत रावजीचं, वाट गावाची, खर्च ज्याचा त्यानं सोसावा. सून कुठल्याच कलमात बसली नाही.

ठमाई कधी गेली, ते कुणी नीट सांगत नाही. एका बाळंतपणाला निघाली आणि वाटेवरच दिसेनाशी झाली, असं म्हणतात.

आजही पिंपळदऱ्यात बारशाच्या दिवशी ठमाईच्या नावानं बाळाला त्या वाटेनं नेऊन आणतात. न्यायचं ते दुसऱ्या आळीतल्या बाईनं, घरच्या नाही. मध्यावर ती थांबते आणि बाळाच्या कानात एक नाव सांगते. बाळाचं नव्हे, ते घरी आत्या सांगेल. त्याच्या आईचं. कारण रावजीच्या सुनेचं नाव काय होतं, ते आता गावात कुणालाच सांगता येत नाही.