धोंडीतात्यांचं वीरमरण

"पण बापू, नवरा मेल्याशिवाय बायको थोर होणार कशी?"

जयसिंगानं हे विचारलं तेव्हा आम्ही तिघं शिरवडीच्या देवळामागं सावलीला बसलो होतो. बापू शेंगा फोडत होते. मी तुणतुण्याची तार पिळत होतो.

बापू म्हणजे शाहीर हुसेनबापू मुलाणी. कृष्णाकाठाला ज्या गावानं त्यांचा डफ ऐकला नाही, ते गाव अजून वसायचं आहे. मी त्यांचा झीलकरी. झीलकऱ्यानं मागं उभं राहून 'जी जी रं जी' म्हणायचं, मधे अक्कल पाजळायची नाही. त्या दिवशीही मी तोंड उघडलं नाही. आता उघडतो.

जयसिंग हा बापूंचा पट्टशिष्य. गळा सोन्यासारखा, आणि मिजास त्या गळ्याच्या दुप्पट. केस मागं सारल्याशिवाय हा गडी पाणीसुद्धा मागायचा नाही.

बापूंचे हात अलीकडं थरथरायला लागले होते. त्यांनी जयसिंगाला सांगून ठेवलं होतं, "शिरवडीच्या जत्रेत तू केलेला पोवाडा गा. जमला, तर डफ तुझा. नाही जमला, तर आणखी एक वर्ष माझ्या मागं उभा राहा."

मागं उभं राहणं जयसिंगाला मरणाहून वाईट वाटायचं. मागं मी होतो ना!

शिरवडी हे फौजेतल्या माणसांचं गाव. घरटी एक गडी पलटणीत. म्हणून या पठ्ठ्यानं नायिकाही याच गावातली निवडली. अनसाबाई शेडगे. तिचा नवरा धोंडीबा दुसऱ्या महायुद्धात इटलीला गेला होता. पोवाड्याचं नाव 'वीरपत्नी अनसा'.

"शेवट पुन्हा म्हण," बापू म्हणाले.

जयसिंगानं केस मागं सारले आणि उठून म्हटलं :

*कुंकू पुसलं हसत हसत, डोळ्यांत ना आलं पाणी ।*
*म्हणे, दुसरा नवरा असता तर देते तोही रणी ॥*

"जी जी रं जी," मी सवयीनं म्हटलं.

बापूंनी एक शेंग फोडली. "धोंडीबा मेला?"

"वीरमरण, बापू. टेकडीवर. छातीत गोळी."

"सकाळी विहिरीवर भेटला मला. तंबाखू मागत होता."

"ते खरं असेल हो," जयसिंग म्हणाला. "पण हे काव्य आहे. नवरा जिवंत घरी आला, जेवला, झोपला... यात बायकोचा त्याग कुठं राहिला? लोक पैसे परत मागतील."

बापू टरफलं झाडून उठले.

"चल."

"कुठं?"

"धोंडीबाला मारणार आहेस. घरात सांगायला नको?"

*

अनसाकाकी ओसरीवर जोंधळे निवडत होत्या. कपाळावर रुपयाएवढं कुंकू. धोंडीतात्या अंगणात बाजेची सुंभं ताणत बसले होते. लढाईतनं एक पाय आखडून आलेला, बाकी माणूस ठणठणीत.

"वहिनी," बापूंनी उभ्याउभ्याच सांगितलं, "हा आमचा जयसिंग. आज दिवेलागणीला हा तुमच्या मालकांना मारणार आहे. विचारायला आलाय."

काकींनी सूप खाली ठेवलं नाही.

"दिवेलागणीला व्हय? मग त्यांची भाकरी टाकू का नगं?"

मला हसू फुटलं. जयसिंगाचे कान लाल झाले.

"काकी, पोवाड्यात हो! पोवाड्यात मरतात तात्या. गावाचं नाव होईल."

धोंडीतात्यांनी सुंभ सोडलं आणि लंगडत जवळ आले. चेहरा असा खुलला होता की जणू पोरगं पास झालं.

"कुठं पडतो मी?"

"टेकडीवर, तात्या. झेंडा हातात."

"झेंडा? बरं हाय की!" तात्यांनी मिशीवरनं हात फिरवला. "फकस्त गोळी छातीत घाल बाबा. पाठीत नगं. भावकी समोर बसणार हाय."

"छातीतच आहे."

"आन् मरताना काय बोलतो का न्हाई मी?"

"बोलता ना! दहा कडवी आहेत."

"दहा!" तात्या काकींकडं वळले. "ऐकलंस? ह्या घरात दोन शब्द बोलायची सोय न्हाई, आन् तिथं गोळी खाऊन दहा कडवी!"

"मेल्यावर तरी बोला," काकी म्हणाल्या.

"आन् मरणाची खोटी बातमी आली की आयुष्य वाढतं," तात्या खुशीत बोलत सुटले. "माझं एकदा वाढलंच हाय. ही दुसरी बारी."

काकींचा हात सुपात थांबला.

मला ते दिसलं. बापूंनाही दिसलं. जयसिंगाला काही दिसलं नाही, कारण तो केस मागं सारत होता.

"एकदा म्हणजे?" बापूंनी विचारलं.

"आमच्या पलटणीतला एक जण रजेवर आला, आन् इथं चावडीवर सांगून गेला, धोंडी शेडगे गेला म्हणून. मी तिकडं दवाखान्यात, पाय टांगून पडलेला. गंमत झाली सगळी."

"गंमत," काकी म्हणाल्या आणि पुन्हा खडे वेचायला लागल्या.

बापू ओसरीच्या कडेला टेकले.

"जयसिंग, वहिनींना शेवट ऐकव."

आता याला कुणी गा म्हटलं की हा थांबतो थोडाच! ओसरीसमोर उभं राहून, एक हात कानावर ठेवून, त्यानं शेवटचं कडवं म्हटलं. हसत हसत कुंकू. डोळ्यांत नाही पाणी. दुसरा नवरा असता तर तोही रणी.

मी 'जी जी' म्हटलं नाही. का कोण जाणे.

काकींनी मान वर केली.

"मी हसले?"

"हो, काकी. अभिमानानं."

"आन् दुसरा नवरा कुठनं आणला?"

"तो... तो नाहीये. असता तर, असं आहे."

"एकच संभाळताना जीव जातोय," काकी म्हणाल्या.

बापूंनी कोनाड्यातला तांब्या घेतला. खांद्यावरचा पंचा काढला आणि त्याचं टोक पाण्यात भिजवलं. पिळलं. आणि ते ओलं टोक जयसिंगाच्या हातात दिलं.

"पूस."

"काय, बापू?"

"ती हसत हसत पुसते म्हणालास. तिचे हात सुपात आहेत. तू पूस."

"बापू, मी कसा..."

"संध्याकाळी सगळ्या गावासमोर पुसणार आहेस. इथं पाचच जण आहोत."

काकींनी सूप बाजूला ठेवलं. डोळे मिटले आणि कपाळ पुढं केलं.

अंगणात कोंबड्या होत्या, त्यांचंच काय ते चाललं होतं. जयसिंग एक पाऊल पुढं गेला. पंच्यातलं पाणी त्याच्या मनगटावरनं कोपरापर्यंत ओघळलं. हात वर झाला, कपाळापासून वीतभर अंतरावर आला आणि तिथंच अडला.

"ए..."

ते धोंडीतात्या होते. मघाशी दहा कडव्यांनी खुललेले. आखडलेला पाय ओढत ते मधे आले आणि त्यांनी जयसिंगाचं मनगट धरलं.

"ठेव ते फडकं खाली. आधी खाली ठेव म्हणतो ना!"

जयसिंगानं पंचा टाकून दिला. घामाघूम झाला होता बिचारा.

काकींनी डोळे उघडले.

"त्या वक्ताला हे मधे पडायला नव्हते," त्या म्हणाल्या. "दोघी जणींनी माझे हात धरले. तिसरी थोरली जाऊबाई. ती फडकं घिऊन पुढं आली."

"मग?" जयसिंगानं विचारलं. आवाज पार खाली गेला होता.

"मग काय! चावले."

"काय?"

"चावले तिच्या हाताला. कडकडून. म्हटलं, दाखवा आधी मढं. कुनी बघितलंय? एक जण चावडीवर येऊन काय सांगतो, आन् तुम्ही माझं कपाळ पुसाया येता?" काकींनी सूप पुन्हा मांडीवर ओढलं. "गाव म्हणालं, शेडग्याच्या सुनंला याड लागलं. जाऊबाई तवापासनं माझ्याशी बोलत न्हाईत. शेजारी घर हाय. मी हितं केर काढला की त्या तोंड फिरवतात."

"आणि तात्या आले तेव्हा?"

काकींनी नवऱ्याकडं एक नजर टाकली.

"उंबऱ्यात उभं. म्हणतात, भूक लागली. म्हटलं, सगळ्या गावाची बोलणी खाऊन बसलीय मी, तुम्ही होता कुठं इतके दिस?"

"पिठलं वाढलं हो पण," तात्या हळूच म्हणाले.

काकी खडे वेचत होत्या, पण आता डोळ्यांतलं पाणी सुपात पडत होतं आणि त्या ते लपवत नव्हत्या.

*

परत येताना जयसिंग अर्ध्या वाटेपर्यंत मान खाली घालून चालला. हे आक्रीतच.

मग एकदम थांबला. "बापू, पण चावली हे कसं गाऊ? तलवार घेतली, घोड्यावर बसली, असं असतं तर गाता येतं. वीरपत्नी कधी जावेला चावते का? लोक हसतील."

बापू चालत राहिले.

"डफ हातचा जाईल माझ्या!"

बापूंनी खिशातली उरलेली शेंग काढून त्याच्या हातावर ठेवली. "आधी फोड," एवढंच म्हणाले.

*

दिवेलागणीला देवळापुढं सगळी शिरवडी लोटली. शाहिराच्या समोर पुरुष. बायका डाव्या अंगाला, भिंतीकडेला, पदर सावरून. धोंडीतात्या नवा फेटा बांधून भावकीत पुढं बसले होते, छाती काढून. त्यांना अजून आशा असावी.

जयसिंग उभा राहिला. पलटणीचं कडवं झालं, बोटीचं झालं, इटलीच्या डोंगराचं झालं. माणसं डुलायला लागली. मग तो आला शेवटाशी, आणि थांबला. माझं तुणतुणं नुसतंच टुणटुणत राहिलं. मला वाटलं, विसरला. त्याच्या कपाळावर केस आले होते, ते त्यानं मागं सारले नाहीत.

*दोघींनी धरले हात, तिसरी पुसाया आली ।*
*दाखवा आधी मढं म्हणत अनसा तिला चावली ॥*

समोरचे पुरुष जे हसले म्हणता! एक जण तर मागं कलंडला. "चावली! अरं चावली!" फेटे उडाले. तात्यासुद्धा हसत होते, डोळे पुसत.

भिंतीकडच्या बायकांत एकही हसली नाही.

एवढ्या बायका, पण बांगडी वाजेना. घरटी एक माणूस पलटणीत, असं मघाशी सांगितलं ते पुरुषांचं. बायकांचं कुणी सांगत नाही, मीही सांगितलं नाही. तिथं कपाळं पुसलेल्या कितीतरी होत्या. त्या सगळ्या अनसाकाकींकडं बघत होत्या.

मग कोपऱ्यातनं एक जख्ख म्हातारी उठली. काठी टेकत, पुढच्यांचे पाय तुडवत काकींपाशी आली. थोरल्या जाऊबाई. म्हटलं, आता जत्रेत भांडण.

म्हातारीनं आपला उजवा हात, तोच चावलेला, काकींच्या मांडीवर ठेवला. काकी थोडं सरकल्या. म्हातारी त्यांच्याशेजारी बसली.

दोघी एकमेकींशी एक अक्षर बोलल्या नाहीत. पण हात तिथंच होता.

जयसिंग कसाबसा मुजरा करून मागं आला. चेहरा उतरलेला. बापूंसमोर उभा राहिला.

"बापू... पुरुष हसले. बायका मुक्या बसल्या. एकीनं टाळी दिली नाही. पडला ना पोवाडा?"

बापूंनी पंच्याच्या कोरड्या टोकानं डफ पुसला. थोडा वेळ मांडीवर धरून ठेवला. मग त्याच्या हातात दिला.

"उद्यापासनं," ते म्हणाले, "तोंड बायकांच्या भिंतीकडं करून उभा राहत जा."